डोक्याला दहा परकार

गेरासिम बुर्लाकू चालताना थोडा डावीकडे कलायचा. रेदेनीत त्याला लांबून ओळखायचे ते या कलण्यावरून. तीस वर्षं उजव्या हातात लाकडी परकार फिरवत रानात चाललं की माणसाचं शरीर तसंच घडतं. त्याचा परकार म्हणजे माणसाच्या छातीइतके उंच, फाकलेले दोन लाकडी पाय, वर मूठ, मधे आडवी पट्टी. एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत बरोबर दोन मीटर. मूठ धरून मनगट वळवायचं, मागचा पाय हवेतून अर्धं वर्तुळ काढत पुढे येतो, टोक मातीत रुततं. पुन्हा वळवायचं. एक परकार, दोन परकार, तीन. वारा असो, चिखल असो, गेरासिमचं मनगट एकाच लयीत वळत राहायचं, आणि ओठ न हलवता तो मोजत राहायचा.

सामुदायिक शेतीच्या काळात तो टोळीचा मोजणीदार होता. बायकांनी किती खुरपलं, पुरुषांनी किती नांगरलं, हे संध्याकाळी तो मोजून सांगायचा. टोळीप्रमुखाने एकदा आपल्या भाचीचा तुकडा जरा सढळ मोजायला सुचवलं, तेव्हा गेरासिमने परकार त्याच्यापुढे धरला आणि म्हणाला, तुम्हीच मोजा. त्यामुळे त्याच्यावर जीव टाकणारं गावात फारसं कुणी नव्हतं, पण ‘गेरासिमने मोजलंय’ एवढं म्हटलं की वाद तिथेच थांबायचा. घर लहान, गाय एक, मुलगी शहरात. पण हे एक वाक्य त्याचं होतं, आणि ते त्याने आयुष्यभर वाटेत खाली पडू दिलं नव्हतं.

त्याचं शिक्षण सातवीपर्यंतचं. पण सातवीत त्याला इराक्लिए मास्तर भेटले होते. चौकटीच्या कागदावर रेघ ओढून मास्तर विचारायचे, ही रेघ चार घरं पूर्वेला गेली तर उत्तरेला किती घरं चढली? एक. मग चारला एक, हा तिचा चढ. दुसऱ्या रेघेचा चढही चारला एक असेल, तर या दोघी जगाच्या अंतापर्यंत चालल्या तरी एकमेकींना भेटायच्या नाहीत. आणि एखादी रेघ हेच आकडे उलटे करून, एक घर पूर्वेला आणि चार घरं खाली दक्षिणेला जात असेल, तर ती पहिलीला काटकोनात कापणार, खिडकीच्या चौकटीसारखी. बाकीच्या पोरांनी हे शाळेतच सोडलं. गेरासिमने ते खिशात चाकू बाळगावा तसं बाळगलं. उत्तर दिशा तो दुपारच्या सर्वांत आखूड सावलीवरून काढायचा, मग परकाराने पूर्वेला मोजायचा, उत्तरेला मोजायचा, आणि कोणती रेघ कोणत्या रेघेची बहीण आहे ते सांगायचा.

एक्क्याण्णवच्या हिवाळ्यात जमिनी परत देण्याचा कायदा आला. ओढ्यापर्यंत सपाट पसरलेलं लांबचं रान तीस घरांना सारखं वाटायचं ठरलं. अधिकाऱ्यांनी कागद दिला, प्रत्येकाला डोक्याला दहा परकार. आमच्याकडे पट्टा नेहमी डोक्याला मोजतात. डोकं म्हणजे रस्त्याकडची बाजू. बाप मोजायचा, आजा मोजायचा, रस्त्याच्या कडेने परकार फिरवला, खुंटी ठोकली, झालं. मागच्या बाजूला, ओढ्यापाशी, मोजायला कुणी जात नाही. यंत्र घेऊन येणारा सरकारी मोजणीदार म्हणाला होता की रेदेनीचा नंबर दोन वर्षांनी लागेल. चाळीस वर्षं वाट पाहिलेल्या माणसांना आणखी दोन वर्षं धीर धरवेना. बर्फ वितळलं आणि लोक गेरासिमच्या फाटकाशी येऊन उभे राहिले.

त्याने नऊ दिवस मोजलं. आयुष्यातलं सर्वांत मोठं काम ते. रस्त्यालगतच्या लाकडी क्रूसापासून सुरुवात केली. रस्ता चारला एक चढत होता, म्हणून पट्टे त्याने एकाला चार असे खाली दक्षिणेला सोडले, रस्त्याला काटकोनात. प्रत्येक खुंटीपासून पाच परकार पूर्वेला, वीस दक्षिणेला मोजून दुसरी खुंटी, आणि त्या दोन खुंट्यांवरून नजर धरून थेट ओढ्यापर्यंत रेघ. तीस पट्टे, एकतीस रेघा, सगळ्यांचा चढ एक. ओढ्याशी उभं राहून त्याने शेवटी मागे वळून पाहिलं तेव्हा त्या रेघा रिकाम्या रानावर ताणलेल्या तारांसारख्या दिसत होत्या. एकही तार दुसरीकडे झुकलेली नव्हती. त्या दिवशी त्याने घरी येऊन दोन पेले आलुबुखारची दारू घेतली आणि बायकोला, अग्लायाला, म्हणाला की इराक्लिए मास्तर आज असायला हवे होते.

क्रूसाजवळचा पहिला पट्टा चिठ्ठीने त्याच्याच वाट्याला आला होता. दुसरा म्हाताऱ्या ओनोफ्रेईचा. तिथून अठरा पट्टे पुढे, जिथे उंच दांडीची विहीर आहे, तिथला विसावा पट्टा अग्लायाच्या भावाचा, तोआदेरचा. विहिरीपलीकडे आणखी दहा पट्टे. त्यातला पंचविसावा झाम्फिराचा.

झाम्फिरा पन्नाशीची विधवा. बोलायला तिखट, कामाला त्याहून तिखट. मे महिन्याच्या शेवटी मका गुडघ्याला लागला तेव्हा खुरपणीसाठी बायका एकमेकींच्या रानात जाऊ लागल्या. आज तुझ्याकडे, उद्या माझ्याकडे. झाम्फिरा तोआदेरच्या बायकोबरोबर खुरपायला गेली. अशा वेळी रांगा मोजून वाटून घेतात. तोआदेरच्या रानात अठ्ठावीस रांगा भरल्या. मग सगळ्याजणी झाम्फिराच्या रानात आल्या, तर तिथे भरल्या सव्वीस. पेरणी सगळ्यांची एकाच यंत्राने झालेली, दोन रांगांमधलं अंतर सगळीकडे एक. झाम्फिराने पुन्हा मोजल्या. सव्वीसच.

रविवारी प्रार्थनेनंतर लोक विहिरीपाशी गोळा झाले होते, तिथे तिने गेरासिमला गाठलं. “बादे गेरासिम,” ती म्हणाली. वडीलधाऱ्याला आमच्याकडे बादे म्हणतात. “माझ्या दोन रांगा कुठे गेल्या?”

तिने चोरी असा शब्द वापरला नाही, पण तो सगळ्यांना ऐकू आला. गेरासिमचे कान तापले. तो घरी गेला, परकार घेऊन परत आला आणि सगळ्या गावासमोर रस्त्याच्या कडेने तिच्या एका खुंटीपासून दुसऱ्या खुंटीपर्यंत मोजलं. दहा. परकाराचं टोक खुंटीच्या बुंध्याला टेकलं, बोटभरही इकडे नाही की तिकडे नाही.

लोक हसले. तोआदेर म्हणाला, झाम्फिरा मोजता मोजता बोलते, मग मधलीच एखादी रांग बोलण्यात जाते. कुणी म्हणालं की तिच्या दोन रांगा कोंबड्यांनी टिपल्या असतील. झाम्फिराने डोक्यावरचा रुमाल हनुवटीखाली घट्ट केला, पण जागची हलली नाही. आणि तेव्हा गेरासिम, ज्याला गावासमोर कधी चार शब्द जास्त बोलायची सवय नव्हती, तो बोलून गेला, “परकाराला पोट नसतं, बाई. तो कुणाचं खात नाही.”

हशा आणखी वाढला. त्या दिवसापासून झाम्फिराचं नाव सव्वीस पडलं. सव्वीस आली, सव्वीस गेली. दुकानात पावाच्या रांगेत कुणीतरी मागून म्हणायचं, सव्वीसला आधी द्या, नाहीतर तिला पाव कमी भरेल.

गेरासिम मात्र त्या रविवारी जेवला नाही. दहा परकार दहाच होते, हे त्याने स्वतः पाहिलं होतं. पण झाम्फिरा रांगा चुकणारी बाई नव्हती, हेही तो तीस वर्षं तिची खुरपणी मोजून ओळखून होता. दोन्ही गोष्टी खऱ्या कशा असतील, हे त्याला समजेना.

सोमवारी पहाटेच, दव असताना, तो एकटा रानात गेला. झाम्फिराच्या रांगा मोजल्या. सव्वीस. तिच्या शेजारच्या पट्ट्यात, सव्वीस. विहिरीपलीकडच्या दहाही पट्ट्यांत तो फिरला, पायातले बूट ओले झाले, आणि दहाही ठिकाणी सव्वीस. मग विहिरीच्या अलीकडे आला. तोआदेरच्या अठ्ठावीस. त्याच्या आधीच्याच्या अठ्ठावीस. स्वतःच्या पट्ट्यापर्यंत मोजत आला तोवर ऊन डोक्यावर आलं होतं. अठ्ठावीस.

घरी येऊन त्याने स्वयंपाकाच्या टेबलावर चौकटीचा कागद पसरला. अग्लाया चुलीवर मक्याच्या पिठाचा घट्ट मामालिगा ढवळत होती. त्याने रस्ता काढला. क्रूसापासून विहिरीपर्यंत चारला एक. विहिरीपाशी रस्ता डावीकडे वळतो हे रेदेनीतलं शेंबडं पोरही सांगेल. किती वळतो, हे मात्र गेरासिमने कधी मोजलं नव्हतं. दुपारी तो पुन्हा गेला आणि मोजलं. विहिरीपुढे दहा परकार रस्ता चालला की माणूस आठ परकार पूर्वेला आणि सहा उत्तरेला पोहोचतो. आठाला सहा. म्हणजे चाराला तीन.

तो तिथेच, रस्त्याच्या कडेला, परकारावर भार देऊन उभा राहिला. पट्ट्यांचा चढ एकाला चार, खाली. त्याला काटकोन करायचा तर रस्ता चारला एक हवा. इथे तो चाराला तीन होता. खिडकीची चौकट कलंडली होती. त्याने एकतीस रेघा एकमेकींशी ताडून पाहिल्या होत्या, पण ज्या रस्त्यावर त्यांची डोकी टेकवली तो रस्ता कुणाशीच ताडून पाहिला नव्हता. बाप डोक्याला मोजायचा, आजा डोक्याला मोजायचा, म्हणून त्यानेही मोजलं.

मग तो झाम्फिराच्या पट्ट्यात उतरला. मक्यातून चारला एक अशा दिशेने, पट्ट्याला सरळ आडवा, एका रेघेपासून दुसरीपर्यंत परकार फिरवला. नऊ परकार भरले आणि वर हातभर जागा उरली. दहा नाहीत. दुसऱ्यांदा मोजलं, तिसऱ्यांदाही मोजलं. झाम्फिराचे साडेतीन हात कमी होते, रस्त्यापासून ओढ्यापर्यंत, तीनशे परकार लांब.

अग्लायाला समजावताना त्याने कोपऱ्यातली शिडी दाखवली. शिडीची पायरी सरळ बसवली तर जेवढी लागते, तिरपी बसवली तर त्याहून लांब लागते, हो ना? मग दहा हाताची पायरी तिरपी बसली असेल, तर शिडी दहा हात रुंद नाही. विहिरीपलीकडे मी पायरी मोजली, शिडी नाही.

अग्लायाने मामालिगा पाटावर उलटवला, दोऱ्याने कापला, आणि मग विचारलं, “कुणाला कळलंय?”

“मला.”

“मग झालं तर. पीक उभं आहे. लोक खूश आहेत. दहाजणांना दोन दोन रांगा कमी, त्यांना कुठे ठाऊक आहे?”

“एकीला ठाऊक आहे.”

अग्लायाने पुन्हा दोरा उचलला. ती वाईट बाई नव्हती. पण तिने कागदावर नजर टाकली होती, आणि सुधारायचं म्हणजे काय हे तिला नवऱ्याच्या तोंडून ऐकायचं नव्हतं. गेरासिमने ते तरीही सांगितलं. तीस पट्टे खरोखर सारखे करायचे तर विहिरीअलीकडच्या वीसजणांनी प्रत्येकी हातभर आणि वर चार बोटं सोडायची. माणशी फार नाही, एक रांग जाते. मग सगळ्यांच्या सत्तावीस. पण खुंट्या एकामागून एक सरकतात. पहिली हातभर सरकते, दुसरी दोन हात, आणि असं करत करत विहिरीजवळची विसावी खुंटी पाच परकारांहून जास्त सरकते. तोआदेरचा निम्मा पट्टा दुसऱ्या जागी जातो.

“तिथे त्याने आलुबुखारची चाळीस रोपं लावलीत,” अग्लाया म्हणाली. “विहिरीचं पाणी जवळ म्हणून.”

“माहीत आहे.”

“तुम्हीच त्याला म्हणालात, लाव.”

हेही खरं होतं.

जून गेला. गेरासिम विहिरीकडे जायचा बंद झाला, पाणी लांबच्या हापशावरून आणू लागला. सांगायचं असं तो रोज ठरवायचा आणि रोज काहीतरी आड यायचं, म्हणजे तोच आड यायचा. त्याला जमिनीची भीती वाटत नव्हती. त्याला त्या एका वाक्याची भीती वाटत होती. ‘गेरासिमने मोजलंय’ हे लोकांनी उद्या कोणत्या सुरात म्हणायचं? साठी उलटल्यावर माणूस दुसरं वाक्य कुठून कमावणार?

एकदा दुकानात तो मीठ घ्यायला गेला होता. झाम्फिरा पुढे होती. दुकानदारणीने तिच्यापुढे काड्यापेट्या ठेवल्या आणि सहज, काही वाईट मनात नसताना, म्हणाली, मोजून घे गं सव्वीस. झाम्फिराने काड्यापेट्या पिशवीत टाकल्या. मान वर केली नाही. पूर्वीची झाम्फिरा असती तर दुकानदारणीची सात पिढ्यांची आठवण काढून बाहेर पडली असती. ती गेरासिमच्या अंगावरून गेली आणि त्याला “नमस्कार, बादे” म्हणाली, हलक्या आवाजात, जशी देणेकरी माणसं बोलतात. मीठ न घेताच गेरासिम बाहेर आला.

तोआदेरला मात्र त्याने आधी सांगितलं. मेव्हणा आहे, बाहेरून ऐकायला नको. तोआदेर रोपांना पाणी घालत होता. त्याने सगळं ऐकलं, बादली खाली ठेवली, आणि समजुतीच्या सुरात बोलला. दाजी, कागदावर काय लिहिलंय? डोक्याला दहा. सगळ्यांना डोक्याला दहा मिळालं की नाही? मग चूक कसली? रस्ता तुम्ही वाकवलात का?

“रस्ता वाकडा आहे, हे मी पाहायला हवं होतं.”

“सरकारने पाहायला हवं होतं. तुम्ही कोण?”

गेरासिम म्हणाला, मोजणारा मीच होतो.

तेव्हा तोआदेरचा समजुतीचा सूर संपला. “हे बघा, दाजी. परकार घेऊन माझ्या खुंटीशी आलात, तर त्या दिवसापासून मला बहीण नाही. तिला तुम्हीच सांगा.” आणि तो पुन्हा पाणी घालू लागला, आधी पाणी घातलेल्याच रोपांना.

संत एलियाच्या सणाला, जुलैच्या विसाव्या दिवशी, गाव विहिरीपाशी जमलं. टेबलांवर मेंढीचं चीज, कांदे, उकडलेले बटाटे. गेरासिम परकार घेऊन आला तेव्हा लोकांना वाटलं, सणाला तरी हा तो घरी ठेवेल. त्याने झाम्फिराला हाक मारली नाही. तिच्या पट्ट्याच्या डोक्याशी उभा राहिला आणि सगळ्यांना ऐकू जाईल अशा आवाजात म्हणाला, “झाम्फिराच्या रांगा सव्वीसच आहेत. ती बरोबर होती. चुकलो मी.”

मग त्याने दाखवलं. कडेने मोजलं, दहा. आडवं मोजलं, नऊ आणि हातभर. शिडीचं सांगितलं. काहींना कळलं, काहींना नाही, पण खुंट्या सरकणार हे सगळ्यांना कळलं. विहिरीअलीकडचे वीसजण एकमेकांकडे पाहू लागले. पलीकडचे दहाजण गेरासिमकडे पाहू लागले. पलीकडच्यांपैकी एकजण पुढे येऊन म्हणाला की मार्चपासून तुझ्या नावाने मी माझ्या भावाशी भांडतोय, गेरासिमने मोजलंय म्हणून, आणि आता तू हे सांगतोस? अलीकडचा एकजण म्हणाला की म्हाताऱ्याला ऊन लागलंय. कुणीही आभार मानले नाहीत, आणि गेरासिमला तशी आशाही नव्हती. ओनोफ्रेई तेवढा पुढे येऊन, वाकून, आडव्या मोजणीच्या खुणांकडे बराच वेळ पाहत राहिला.

झाम्फिरा टेबलापाशी चीज कापत होती. सुरी खाली ठेवून ती म्हणाली, “त्या दिवशी सगळे हसलात. आज कुणी हसत का नाही?” आवाज चढलेला नव्हता. मग गेरासिमकडे वळून तिने विचारलं, “खुंट्या कधी?”

“मका निघाल्यावर,” तो म्हणाला.

ऑक्टोबरात मका निघाला. रान पुन्हा उघडं झालं आणि त्या एकतीस रेघा पुन्हा दिसू लागल्या. ठरल्या सकाळी गेरासिम परकार आणि खुंट्यांचा भारा घेऊन क्रूसापाशी आला. अग्लायाने त्याला भाकरी बांधून दिली होती, पण दारापर्यंत आली नव्हती. क्रूसापाशी झाम्फिरा होती, पलीकडचे तिघे होते, आणि अलीकडच्या वीसांपैकी एकटा ओनोफ्रेई, काठीवर दोन्ही हात ठेवून.

गेरासिमने आधी आपली खुंटी उपटली. हातभर आणि चार बोटं आत घेऊन पुन्हा ठोकली, ओढ्याशीही तशीच. मग ओनोफ्रेईकडे पाहिलं. ओनोफ्रेई म्हणाला, “माझं वय त्र्याऐंशी. मला एक रांग कमी खुरपावी लागेल, वाईट काय? हलव.” गेरासिमने त्याची खुंटी हलवली, दोन हात आणि आठ बोटं.

तिसऱ्या पट्ट्याचा धनी आला नव्हता. चौथ्याचा नाही, पाचव्याचा नाही. दूर विहिरीपाशी तोआदेरची गाडी उभी होती, आणि तो आपल्या खुंटीवर बसला होता, पाठ इकडे करून. गेरासिमने तिसरी खुंटी हातात धरली. ती त्यानेच ठोकली होती, मूठभर मातीसकट निघाली असती. पण ज्याची जमीन तो नसताना खुंटी हलवणाऱ्याला आमच्याकडे काय म्हणतात हे त्याला ठाऊक होतं. त्याने हात काढून घेतला.

दुसऱ्या आणि तिसऱ्या पट्ट्यामधे एक उघडी पट्टी उरली. अर्ध्या परकाराची, रस्त्यापासून ओढ्यापर्यंत. पलीकडच्या तिघांपैकी एकाने विचारलं, हे आता कुणाचं? गेरासिमने मनात हिशेब केला होताच. दोघांनी सोडलेलं एकाची तूट भरतं. वीसांनी सोडलं असतं तर दहांची भरली असती. इथे दोघांनी सोडलं होतं.

“हसले सगळे तिलाच,” ओनोफ्रेई म्हणाला. “तिलाच द्या.”

“म्हणजे ज्याला चिडवलं त्याला जमीन,” तिघांतला एकजण म्हणाला. “मग आम्हालाही चिडवा.” पण त्याने पुढे वाद घातला नाही. तिघेही रस्त्याने निघून गेले, आणि जाताना त्यांनी गेरासिमला सलाम केला नाही.

झाम्फिरा त्या पट्टीच्या डोक्याशी गेली, पाऊल टाकून तिची रुंदी पाहिली, आणि मग पंचविसाव्या पट्ट्याकडे, आपल्या रानाकडे, नजर टाकली. मधे बावीस पट्टे होते.

त्या वर्षी नाताळाला अग्लाया भावाकडे गेली नाही आणि भाऊ तिच्याकडे आला नाही. तिने नवऱ्याला एका शब्दाने बोल लावला नाही, पण ईस्टरची रंगवलेली अंडी तिने नेहमीप्रमाणे भावाच्या घराला पुरतील एवढी रंगवली आणि ती तशीच टोपलीत राहिली. गावाने दुसरं एक रान वाटायला काढलं तेव्हा शेजारच्या गावचा मोजणीदार बोलावला. त्याने डोक्याला मोजलं. गेरासिम फाटकाशी उभा राहून पाहत होता, कुणी विचारलं असतं तर त्याने सांगितलं असतं, कुणी विचारलं नाही. परकार ओसरीच्या आढ्याला टांगलेला राहिला. वाऱ्याने तो हलायचा आणि पाय भिंतीला लागायचे.

एप्रिलात पेरणीचं यंत्र लांबच्या रानात फिरलं. अर्ध्या परकाराच्या पट्टीत ते शिरणार नव्हतं. गेरासिम आपल्या रानात ढेकळं फोडत होता तेव्हा त्याला झाम्फिरा दिसली. खांद्यावर कुदळ, कमरेला बियांची पिशवी, ती विहिरीकडून रस्त्याने येत होती. तोआदेरच्या रानावरून जाताना तिने तिकडे पाहिलं नाही. ती त्या पट्टीच्या डोक्याशी थांबली, कुदळीने खाच केली, तीन दाणे टाकले, पायाने माती सारली. मग पुढची खाच. दोन रांगांना तिथे जागा नव्हती. ती एकच रांग लावत ओढ्याकडे गेली, तीनशे परकार, आणि परत यायला तिला दुपार झाली.

येताना ती त्याच्या बांधाशी थांबली. रुमालाने मान पुसली.

“तुमच्या किती भरल्या, बादे?”

“सत्तावीस.”

“माझ्याही,” ती म्हणाली. “आणि ओनोफ्रेईच्या?”

“सत्तावीस.”

तिने मान हलवली. बाकीच्यांचं तिने विचारलं नाही, आणि त्याला ते सांगावं लागलं नाही. कुदळ खांद्यावर टाकून ती निघाली. तिचं रान लांब होतं, रस्ता विहिरीपर्यंत सरळ जाऊन पुढे डावीकडे वळत होता, आणि ती त्या वळणाआड दिसेनाशी होईपर्यंत गेरासिम ढेकळं फोडायची सोडून तिकडेच पाहत उभा राहिला.